राज्यघटना तीच, मग निकाल कसा फिरतो?

कडूलिंब: काल इथे कोणीतरी टाकलं, "न्यायाधीशांनी घटना वाचावी, लिहू नये" आणि त्यावर अंगठ्यांचा पाऊस. अहो, जुन्या दंडसंहितेचं कलम ४९७ घ्या. व्यभिचारात शिक्षा फक्त परपुरुषाला आणि नवऱ्याची संमती असेल तर गुन्हाच नाही, म्हणजे बायको काय दावणीची म्हैस? १९५४ ला सुप्रीम कोर्ट म्हणालं चालतंय, १९८५ ला सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूडही तेच म्हणाले आणि २०१८ ला त्यांच्याच चिरंजीवांसकट पाच न्यायाधीशांनी ते रद्द केलं. घटनेतलं समानतेचं कलम १४ तेच होतं. वाचणारे बदलले.

पेठेतला: तेच तर दुखणं आहे. बाप म्हणतो बरोबर, लेक म्हणतो चूक. बदलायचं तर संसदेत बदला ना, घटनादुरुस्तीचं कलम ३६८ कशाला ठेवलंय? उद्या उलट्या डोक्याचे पाच आले की मग?

कडूलिंब: आलेले की! समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारं कलम ३७७ दिल्ली हायकोर्टाने २००९ ला सैल केलं, सुप्रीम कोर्टाने २०१३ ला परत आवळलं, २०१८ ला सोडलं. मधली वर्षं ज्यांनी काढली त्यांना सांगा, संसदेची वाट बघा म्हणून.

सातबारा: ते राहू द्या, आमचं ऐका. वडील २००१ ला गेले. २०१५ ला कोर्ट म्हणे, वारसा कायद्याची दुरुस्ती लागू झाली त्या ९ सप्टेंबर २००५ ला बाप जिवंत असेल तरच मुलीला वडिलोपार्जित जमिनीत हिस्सा, २०२० ला म्हणे गरज नाही. आम्ही बोअर मारली, पाईपलाईन टाकली आणि आता धाकटी उभी राहिली वाटणीला. तिच्या लग्नाचा खर्च कोण मोजणार?

माहेरवाशीण: मोजा की दादा, हुंडा पण मोजा. महाराष्ट्राने १९९४ लाच हक्क दिला पण लग्न झालेल्यांना सोडून. कायदा लागू २२ जूनला, माझं लग्न त्याच मे महिन्यात! २००५ ला हक्क आला तर आईच्या तेराव्याला भावाने हक्कसोडवर सही घेतली, पानं उचलायच्या आधी. बदल्यात साडीचोळी. आता राखीला फोनसुद्धा उचलत नाही.

सातबारा: सगळे भाऊ तसे नसतात ताई.

माहेरवाशीण: वाटप रजिस्टर केलं होतं का २० डिसेंबर २००४ च्या आधी? त्याआधीचं वाटप दुरुस्ती मोडत नाही. तोंडी वाटप कोर्ट सहजी धरत नाही.

पेठेतला: धागा घटनेचा, पोचला बांधावर. आणि हे वारसा कायद्याचं प्रकरण आहे, दुरुस्ती संसदेने केली. म्हणजे माझंच खरं.

माहेरवाशीण: संसदेने केली, पण त्यात बाप जिवंत पाहिजे ही अट २०१५ ला दोन जजना दिसली आणि २०२० ला तिघांना दिसली नाही. वाक्य तेच.

पेठेतला: बरं बाई, अर्थ लावावा लागतो, झालं समाधान? पण २०२३ ला समलिंगी लग्नाच्या वेळी "ते संसदेचं काम" म्हणून हेच कोर्ट बाजूला झालं, तेव्हा कडूलिंब गप्प का होते?

कडूलिंब: गप्प नव्हतो, शिव्या घालत होतो.

सातबारा: ताई, तोंडी वाटप खरंच धरत नाहीत का? आमचा वकील तर म्हणाला होता, चालतंय.