‘दुरावा’, ‘अबोला’ की ‘अढी’?

ग्वेंडोलिन रायली यांच्या ‘माय फँटम्स’ (२०२१) या कादंबरीवर टिपण लिहिते आहे आणि एका शब्दावर अडले आहे. मायलेकींची गोष्ट आहे. लेक ब्रिजेट लंडनला राहते. आई हेलन, म्हणजे पुस्तकातली हेन. वर्षातून एकदा, आईच्या वाढदिवसाच्या सुमारास, दोघी लंडनमध्ये बाहेर जेवायला भेटतात. पण ब्रिजेट तिला घरी बोलवत नाही, आपल्या जोडीदाराशी, जॉनशी, गाठ घालून देत नाही. या नात्यात जे आहे त्याला मराठीत काय म्हणाल?

आधी ‘दुरावा’ लिहिलं नि खोडलं. दुरावा यायला आधी जवळीक लागते. काल जे आपलं होतं ते आज दुरावतं. इथे तो ‘काल’च सापडत नाही. ‘अबोला’ तर नाहीच, कारण या दोघी बोलतात, भरपूर बोलतात. शिवाय अबोल्यात रुसवा असतो, कुणीतरी समजूत काढावी ही आस असते. अबोला धरतात तसा तो सुटतोही. ‘वितुष्ट’ यायला काही निमित्त घडावं लागतं, जमीन, पैसा, लग्नकार्य. इथे तसं एकही भांडण बोट ठेवून दाखवता येत नाही.

— ‘अढी’ कसा वाटतो? मनात अढी बसणे, अढी धरणे.

अगदी बरोबर! हाच शब्द हवा होता. आमच्याकडे कोकणात आंबे पेंढ्यात घालून ठेवतात त्यालाही अढीच म्हणतात. वरून पाहिलं तर नुसता पेंढा दिसतो, खाली हात घातला की ऊब लागते. ब्रिजेटचं तसंच आहे. आईच्या प्रत्येक प्रश्नाला ती सभ्य, बेताचं उत्तर देते आणि आपल्या आयुष्याबद्दल ताकास तूर लागू देत नाही. आईपासून वेगळ्या झालेल्या तिच्या वडिलांनी, ली यांनी, ब्रिजेटला नि तिच्या बहिणीला शनिवारी आपल्याबरोबर नेऊन जे डिवचणं, टोचणं चालवलं होतं, त्यातून ही झाकून ठेवायची सवय लागली असावी, असं मला वाचताना फार जाणवलं.

— पण अढी एकाच्याच मनात असते. आईचं काय?

म्हणून तर तो शब्द चपखल बसतो. ‘दुरावा’, ‘तेढ’, ‘बेबनाव’ हे दोघांच्या मध्ये असतात, वाक्यातही ‘दोघींमध्ये’ असंच येतं. अढी मात्र ‘तिच्या मनात’. गोष्ट सांगते ती ब्रिजेट, हेन आपल्याला दिसते ती लेकीच्याच नजरेतून. आई पुन्हा पुन्हा विचारत राहते, मला तुझ्या घरी का येता येत नाही. तिच्या मनात अढी नाही, तिला फक्त आत यायचं आहे. टिपणात आता असं लिहिलं आहे: ‘ब्रिजेटच्या मनात आईविषयी अढी आहे.’ ‘दोघींमध्ये’ हा शब्द काढून टाकला.