सिरियम तर आपल्या हाताशीच असतं

'दुर्मिळ मृदा धातू (इंग्रजीत रेअर अर्थ) म्हणजे फक्त मोटारींची चुंबकं आणि मोबाइल' असं कुणी म्हटलं, की ते नीट पटत नाही. चुंबकांत वापरल्या जाणाऱ्या निओडिमियमपुरतं ते ठीक आहे, पण त्याच गटातला सिरियम हा धातू राहूनच जातो. नावात दुर्मिळ असलं तरी भूकवचात ते साधारण तांब्याइतकं सापडतं.

चाक फिरवून पेटवायच्या सिगारेट लायटरमधला तो इवलासा करडा खडा आठवा. ती गारगोटी नव्हे; सिरियम, त्याचे भाऊबंद (इतर दुर्मिळ मृदा धातू) आणि लोखंड यांचा मिश्रधातू आहे तो. ऑस्ट्रियन रसायनशास्त्रज्ञ कार्ल आउअर फॉन वेल्सबाख यांनी 1903 साली त्याचं पेटंट घेतलं. दातेरी चाकानं खरवडला की त्याचे बारीक कण हवेत आपोआप पेट घेतात, तीच ठिणगी. नुसतं सिरियम मऊ असतं, म्हणून लोखंड घालून कडक करतात.

पेट्रोमॅक्स बत्तीचं मँटल, म्हणजे तापून उजेड देणारी जाळी, हीही वेल्सबाख यांचीच. थोरियम ऑक्साइडमध्ये जेमतेम 1 टक्का सिरियम ऑक्साइड, पण उजेड पडतो तो त्या एका टक्क्यामुळे! आमच्याकडे लग्नात बत्ती पेटवायचं काम माझ्याकडे असायचं. एकदा जळलेलं मँटल म्हणजे नुसती पांढरी राखेची जाळी, काडी लागली तरी भुगा. वडील तेवढ्यासाठी बत्ती कुणाला हलवू देत नसत.