लिलावात गेलेले वडगावचे घर थकबाकी भरून परत मिळू शकते का?

वडगावकर (प्रश्न):
बेळगावातील वडगाव भागात आमचे वडिलोपार्जित घर असून खालच्या मजल्यावर यंत्रमाग आहेत. वडिलांनी घर तारण ठेवून माग आणि सुतासाठी बँकेचे कर्ज काढले होते. साड्यांना उठाव राहिला नाही, हप्ते थकले आणि त्यातच वडील वारले. गेल्या महिन्यात बँकेने ई-लिलावात घर विकले. खरेदीदाराने पंचवीस टक्के रक्कम भरली असून उरलेली भरायची आहे, असे कळते. आम्ही भावंडांनी व्याजासह पूर्ण थकबाकीची जुळवाजुळव केली आहे, परंतु शाखेत ती स्वीकारत नाहीत. लिलावाची जाहिरात एका इंग्रजी व एका कन्नड दैनिकात आली, मराठीत आलीच नाही. या मुद्द्यावर लिलाव रद्द होईल का? घरात अजून आम्हीच राहतो.

निवृत्त शाखाधिकारी, टिळकवाडी:
जाहिरातीच्या भाषेवर फार भिस्त ठेवू नका. नियमाला दोन दैनिके लागतात आणि त्यांपैकी एक स्थानिक भाषेतील, त्या भागात खपणारे असावे लागते. आपल्याकडे कन्नड दैनिकाने ती अट पूर्ण होते. मराठी माणसाला हे खटकणे स्वाभाविक असले, तरी तेवढ्यावर विक्री मोडत नाही.

खरी अडचण निराळी आहे. बँकांना न्यायालयात न जाता तारण विकून कर्ज वसूल करू देणारा सरफेसी कायदा २००२ सालचा. त्याच्या कलम १३(८) मध्ये २०१६ साली दुरुस्ती झाली. त्यापूर्वी विक्री पूर्ण होईपर्यंत पैसे भरून तारण सोडवता येत असे. आता लिलावाची नोटीस प्रसिद्ध होण्याआधीच सगळी रक्कम भरावी लागते, आणि सप्टेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स या निकालात नोटीस प्रसिद्ध होताच सोडवणुकीचा हक्क संपतो असे स्पष्ट केले. त्यामुळे रक्कम तयार असूनही ती घेण्यास बँक बांधील नाही. कोणी ‘साहेबांशी बोलून जमवतो’ असे म्हणत असेल, तर त्याला दारातूनच परत पाठवा.

खानापूरचा वकील:
आधी कर्ज नेमके कोणाचे, ते सांगा. नागरी सहकारी बँकांना सरफेसी लागू होतो, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने मे २०२० मध्ये ठरवले आहे. मात्र आपल्याकडे गल्लोगल्ली असलेल्या सौहार्द (कर्नाटकातील वेगळ्या सहकार कायद्याखालच्या) पतसंस्थांची वसुली सहकार कायद्याच्या वाटेने होते आणि तिथले नियम व मुदती वेगळ्या असतात. दुसरे असे की, थकबाकी साठ दिवसांत भरा असे सांगणारी मागणी नोटीस कोणाच्या नावाने आली आणि ती वडिलांच्या निधनापूर्वीची की नंतरची?

वडगावकर:
कर्ज बँकेचेच आहे. मागणी नोटीस वडिलांच्या निधनानंतर निघाली आणि त्यांच्याच नावाने आली. रजिस्टर पाकिटावर पोस्टमनने ‘मयत’ असा शेरा मारून ते परत पाठवले. पुढे दारावर चिकटवलेल्या ताब्याच्या नोटिशीवरही त्यांचेच नाव होते. आम्हा वारसांच्या नावाने एकही कागद नाही. मृत्यूचा दाखला मात्र शाखेत त्याच सुमारास दिला होता आणि त्याची पोच आमच्याजवळ आहे.

खानापूरचा वकील:
मग तुमची बाजू जाहिरातीत नसून त्या पोचेत आहे. निधनाची माहिती असूनही मयताच्या नावाने नोटीस काढणे आणि वारसांना न कळवता पुढे जाणे, हा प्रक्रियेचा गंभीर दोष आहे. विक्रीपूर्वी तीस दिवसांची स्वतंत्र नोटीस देणेही बँकेवर बंधनकारक होते. तीही वारसांना मिळाली नसेल, तर बँकेच्या कारवाईविरुद्ध न्यायाधिकरणाकडे करायच्या अर्जात हे दोन्ही मुद्दे घ्या.

सरफेसीच्या कलम १७ खालील हा अर्ज कारवाईपासून पंचेचाळीस दिवसांत करावा लागतो. तुमचा लिलाव गेल्या महिन्यातला आहे, म्हणजे हातात फार दिवस उरलेले नाहीत. बेळगाव जिल्ह्यासाठी कर्ज वसुली न्यायाधिकरण बेंगळुरूत आहे. दिवाणी न्यायालयात दावा लावू नका, कारण अशा बाबींत दिवाणी न्यायालयाला मनाई करणाऱ्या कलम ३४ ची आडकाठी येते. आणि उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात थेट रिट याचिका केली, तर बहुधा आधी न्यायाधिकरणाकडेच जायला सांगतील. स्थगिती देताना न्यायाधिकरण बऱ्याचदा काही रक्कम भरायला लावते, म्हणून जमवलेले पैसे दुसरीकडे खर्चू नका. कारवाई बेकायदा ठरल्यास घराचा ताबा परत देण्याचा अधिकार न्यायाधिकरणाला आहे.

निवृत्त शाखाधिकारी, टिळकवाडी:
वकिलांशी सहमत आहे. त्यात माझी एवढीच भर की, खरेदीदार उरलेले पंचाहत्तर टक्के मुदतीत भरतो का, यावर लक्ष ठेवा. विक्री कायम झाल्यापासून पंधरा दिवस, आणि लेखी संमतीने वाढवली तरी जास्तीत जास्त तीन महिने, एवढीच मुदत असते. त्याने पैसे भरले नाहीत तर त्याची अनामत जप्त होऊन घर पुन्हा लिलावाला निघते, आणि नवी नोटीस प्रसिद्ध होण्याआधी तुम्ही पूर्ण रकमेचा डीडी लेखी अर्जासह दिलात, तर बँकेला तो सहजासहजी नाकारता येणार नाही. त्याने पैसे भरलेच, तर विक्रीतून आलेली रक्कम, खर्च आणि थकबाकी यांचा हिशेब बँकेकडे लेखी मागा. वर काही शिल्लक राहिली असेल, तर कलम १३(७) प्रमाणे ती वारसांना मिळायला हवी.