धागा : एकटं वाटलं तेव्हा कोण आलं? (रत्नागिरी-चिपळूणवाले, लिहा)

पावसात हे जास्तच होतं. १ जून ते ३१ जुलै मासेमारीच्या बोटी बंद, पत्र्यावर पाऊस नि बोलायला कोणी नाय. लहानमोठं कसंही लिहा, मी सुरवात करतो.

मिरकरवाड्यात भाड्याची खोली, जेट्टीवर बर्फाच्या मशीनवर काम, बायकापोरं गावाला. शेजारच्या चाचीचा मुलगा कुवेतला. तिला व्हिडिओ कॉल लागायचा पण हात थरथरतो, मग त्याला नुसतं कपाळ नि पंखा दिसायचा, म्हणून फोन धरायला मला हाक. पहिले मी भिंतीकडे बघत उभा राहायचो, उगाच कशाला दुसऱ्याच्या घरचं ऐका. आता तो आधी मलाच विचारतो, काय रे जेवलास काय, आणि मी यायला उशीर झाला की चाचीचा मिस कॉल. उचलला तर म्हणते चुकून लागला. रोज कसा चुकून लागतो!

---

चिपळूण. वरच्या मजल्यावरच्यांशी टाकीच्या पाण्यावरून चार वर्षं अबोला होता. २२ जुलै २०२१ ला पहाटे वाशिष्ठीचं पाणी आमच्या ओट्यावर आलं, मी गॅस सिलिंडर कुठे ठेवू करत्येय तोवर तीच वहिनी जिन्यावरून ओरडली, मरूदे तो सिलिंडर, सासूबाईंना वर आणा. दोन दिवस एका खोलीत अकरा माणसं, तिने पिठलं केलं, तेही डब्याच्या झाकणात वाढून घेतलं कारण ताटं कमी. चिखल काढून झाला नि महिन्याभरात टाकीवरून परत भांडण. पण आता निदान भांडतो तरी, अबोला नाही.

---

मी मिरजोळे एमआयडीसीत वॉचमन, गाव राजापुराकडे. गणपतीत सुट्टी नाय मिळाली आणि आमच्या चाळीत सगळी कुलपं. दुसऱ्या रात्री पलीकडच्या गल्लीतला एकजण आला, आरतीला माणसं कमी आहेत म्हणाला, थेट झांजा हातात. मला ठेका येत नाय, सगळे बघतायत. तरी पाचव्या दिवसापर्यंत रोज गेलो. त्यांची नावं अजून नीट माहीत नायत.

---

माझ्या घरात पाच माणसं आहेत तरी एकटं वाटतं. कोलंबी सोलून येते तर सगळे मोबाईलात. लिहीन नंतर.

---

अगो आताच लिही, नंतर म्हणजे कधीच नाय. (मी वरची चिपळूणवाली. जागी आहे.)