अयाकाला क्रिट रेट ८० हवाच का?

गेन्शिन इम्पॅक्ट गेममधल्या अयाकाचा क्रिट रेट (जादा जोराचा ‘क्रिटिकल’ वार बसण्याची टक्केवारी) ८०च्या खाली असेल तर बिल्ड (तिची सगळी जुळवाजुळव) फुकट, असं म्हणतात ते फ्रीझ टीमला (शत्रूला गोठवून मारणाऱ्या टीमला) अजिबात लागू नाही. गेन्शिनमध्ये कॅरेक्टर स्क्रीनवर दिसतो तो पूर्ण आकडा नसतोच ना. ब्लिझर्ड स्ट्रेयर या आर्टिफॅक्ट सेटचे (पात्राला घालायच्या वस्तूंचे) चार पीस घातले की क्रायो (बर्फ) लागलेल्या शत्रूवर क्रिट रेट २०% वाढतो, तो गोठला की अजून २०%, आणि टीममध्ये दोन क्रायो पात्रं असली की रेझोनन्सचे (एकाच तत्त्वाच्या जोडीच्या बोनसचे) १५%, झाले की ५५ फुकटात! म्हणजे स्क्रीनवर ४५ दिसला तरी मारताना १००, आणि तुम्ही ८० करून बसलात तर वरचे ३५ सरळ पाण्यात. सबस्टॅटचा (आर्टिफॅक्टवरच्या दुय्यम आकड्याचा) एक चांगला रोल, म्हणजे एक वाढ, क्रिट रेटला ३.९ देतो आणि क्रिट डॅमेजला (क्रिट बसल्यावर होणाऱ्या जादा नुकसानाला) ७.८, दुप्पट. तेच रोल तिकडे गेले असते तर जवळजवळ ७०% क्रिट डॅमेज वाढला असता राव.

सर्कलेट (डोक्यावरचा आर्टिफॅक्ट) म्हणून क्रिट डॅमेजचंच घ्या, ६२.२ वालं.

पण बहुतेक बॉस गोठत नाहीत, तिथे ५५ ऐवजी ३५च मिळतात, मग ४५ वाल्याचे ८० होतात. तेही वाईट नाही, पण अबिसमध्ये (गेममधल्या अवघड लढायांच्या आव्हानात) सारखे बॉसच येत असतील तर थोडा रेट वाढवून ठेवा. आणि हो, एनर्जी रिचार्ज (ऊर्जा भरण्याचा वेग) विसरू नका, बर्स्ट (ऊर्जा भरल्यावर मारता येणारा मोठा हल्ला) वेळेवर आलाच नाही तर क्रिट काय चाटायचंय?