मदत हवी आहे: कॅमेऱ्यासमोर आवाज आणि हात कसे आवरायचे?

नमस्कार मंडळी. मी वडसा-देसाईगंजजवळच्या खेड्यातला. १२ वर्षांपासून झाडीपट्टीत, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भातल्या रंगभूमीवर, चरित्र भूमिका करतो: बाप, पाटील, सावकार. रात्रभराच्या नाटकात शेवटच्या माणसापर्यंत आवाज पोचवायची सवय अंगात भिनलेली. आता एका लघुपटात कर्जबाजारी धान शेतकऱ्याचं काम मिळालंय. पहिल्याच शॉटला दिग्दर्शक म्हणाला, "काका, अर्धंच करा." मी नुसती बिडी पेटवत होतो, तरी हात रंगमंचावरचाच दिसला.

म्हणून 'आक्रोश' (१९८०) हा सिनेमा पाहिला. ओम पुरींचा लहान्या भिकू जवळजवळ बोलतच नाही, तरी नजर त्याच्यावरून हलत नाही. 'कोर्ट'मधले वीरा साथीदार तर आपल्या विदर्भातलेच. अभिनय करतायत असं क्षणभरही वाटत नाही. 'गाभ्रीचा पाऊस'मध्ये ज्योती सुभाषही तशाच.

हे नेमकं साधतं कसं? घरी एकट्यानं करता येईल असा सराव सांगा. निळूभाऊंचे (निळू फुले) कोणते प्रसंग पुन्हा पुन्हा पाहावेत? शूटिंग धान कापणीनंतर आहे, म्हणून लवकर कळवा. मला हा शेतकरी खरा उभा करायचाय. माझा बापही धानाचाच शेतकरी होता.