इंदूरला मुंजीसाठी गार्डन: ‘पूरा दिन’ म्हणजे नेमका किती वाजल्यापासून?

मुंजीची_आई
नमस्कार मंडळी. वैशाखात धाकट्याची मुंज आहे, मुहूर्त सकाळी ९ वाजून १२ मिनिटांचा. पानं अडीचशे. आम्ही सुदामा नगरचे, म्हणून अन्नपूर्णा, फूटी कोठी या बाजूलाच बघतोय. काल एक मॅरेज गार्डन, म्हणजे कार्यासाठी भाड्याने मिळणारं लॉन, सासूबाईंना पसंत पडलं. भाडं ८० हजार, निम्मा बयाना. मॅनेजर म्हणाला, “दीदी, पूरा दिन आपका.” मी मान डोलावून आले आणि रात्री झोपताना डोक्यात आलं, त्याचा दिवस उजाडतो कधी? बयाना देण्याआधी काय काय विचारू?

भाच्यांचा_मामा
ताई, बरोब्बर जागी पाल चुकचुकली. आपल्याकडे गार्डनचा दिवस उजाडतो दुपारी! इथली बहुतेक लग्नं रात्रीची. बारात दाराशी यायलाच दहा वाजतात, फेरे पहाटे, विदाई उजाडताना. म्हणून दुपारी बारा ते दुसऱ्या दिवशी सकाळी दहा असा हिशेब. आपलं कार्य सकाळचं, ते नेमकं आदल्या पार्टीच्या वेळेत घुसतं.

थोरल्या भाच्याच्या मुंजीला आम्ही सातला पोचलो, तर स्टेजवर आदल्या रात्रीच्या नवरानवरीची नावं थर्माकोलमध्ये लटकतायत, लॉनभर प्लास्टिकचे ग्लास, आणि आम्हाला कबूल केलेल्या खोलीत कुणाचे तरी फूफाजी घोरतायत. त्यांना उठवायचं काम मामाकडे, म्हणजे माझ्याकडे. मातृभोजन शेवटी स्टेजच्या मागे सतरंजी टाकून उरकलं. बहीण अजून ऐकवते.

तेव्हा एकच प्रश्न विचारा: “चाबी कब मिलेगी?” आणि आदल्या रात्री बुकिंग आहे का, ते डायरीत डोळ्यांनी बघा. रात्र मोकळी असेल तर ती जोडून मागा, घासाघीस होते. पक्क्या रसीदवर दोन्ही तारखा, दोन्ही वेळा लिहून घ्या. बंद एसी हॉल घेणार असाल तर होम करू देतात का तेही विचारा, धुराला पुष्कळ जण नाही म्हणतात.

पोहे_जलेबी
मामांना अनुमोदन. आणखी एक: गार्डनमध्ये पहाटे सनईची कॅसेट लावायचा बेत असेल तर ६ वाजेपर्यंत थांबा. उघड्यावर रात्री १० ते सकाळी ६ भोंगा बंद, नियम सगळ्यांना सारखाच.

हिशेबी_काकू
८० हजार ‘जीएसटी अलग’ आहेत का? भाड्यावर १८ टक्के लागतो, म्हणजे ९४,४०० झाले. त्यावर वीज, जनरेटरचं डिझेल, सफाई वेगळी लावतात. आपला आचारी आणू देतात की त्यांचाच घ्यायचा, हे बयान्याआधी ठरवा. खरे पैसे तिथेच जातात. तारीख बदलली तर बयाना परत मिळणार की बुडणार, तेही रसीदवर हवं. पैसे खात्यात भरा, पुरावा राहतो. तसंही एका कार्यापोटी २ लाख किंवा त्याहून जास्त रोख घ्यायला आयकराची बंदी आहे, दंड घेणाऱ्यालाच. वैशाखातलं ऊन विसरू नका. नऊचा मुहूर्त म्हणजे पंगत बसेपर्यंत लॉन तव्यासारखं तापणार.

मुंजीची_आई
मामा, आज सासूबाईंना घेऊन परत गेले आणि चाबीचं विचारलं. डायरी उघडली, आदल्या रात्री लग्न! म्हणे, “दस बजे तक खाली करा देंगे.” मुहूर्त सव्वानऊच्या आत आहे म्हटलं, तर म्हणतो, “तो पंडितजी से दोपहर का निकलवा लो ना.” सासूबाई चपला घालून बाहेर.

आता एका मराठी मंडळाचं सभागृह बघितलंय. आदल्या संध्याकाळी चावी देतात, होमाला ना नाही, आचारी आपला चालतो. मावतात मात्र दीडशेच. बयाना उद्या भरतेय. सासूबाई यादी आणि लाल पेन घेऊन बसल्यात, आणि आतापर्यंत कापलेली नावं सगळी माझ्या माहेरची आहेत.